जबाब देईल तो जबाबदार

मराठी बोलणाऱ्या मुस्लिम घरातले पुस्तकांचे कपाट उघडून पाहा. सर्वांत वरच्या कप्प्यात जुजदानात ठेवलेला कुरआन मजीद. त्याखाली हदीसचे एखादे संकलन, नमाजचे पुस्तक, दुआंची छोटी पुस्तिका. मग मुलांची पाठ्यपुस्तके आणि स्पर्धा परीक्षेचे मार्गदर्शक. इतिहासाचे पुस्तक असलेच तर ते बहुधा लढायांचे असते. बद्र कशी झाली, यर्मूकमध्ये काय घडले, कॉन्स्टँटिनोपल कोणी जिंकले, हे आपल्या मुलांना तोंडपाठ असते. पण लढाई संपल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी काय झाले? पैसा आला तो कोणी मोजला, कुठे लिहिला, नवा अंमलदार कोण नेमला, त्याची तक्रार करायची तर कोणाकडे? हे विचारले की मुले गप्प होतात. खरे तर मोठी माणसेही गप्प होतात.

हा प्रश्न केवळ ज्ञानाचा असता तर एवढे लिहिण्याचे कारण नव्हते. आपल्या प्रत्येक मोहल्ल्यात, प्रत्येक गावात संस्था आहेत. मस्जिद ट्रस्ट आहे, मदरसा आहे, कब्रस्तान कमिटी आहे, शिक्षण संस्था आहे, कुठे बैतुलमाल आहे, कुठे भगिनींचा बचत गट आहे. सुरुवात प्रत्येकाची नेक इराद्याने होते. लोक पोटाला चिमटा काढून चंदा देतात. मग दहा-पंधरा वर्षांनी त्याच संस्थेत दोन गट पडतात, कुलपे लागतात, कोर्टात तारखा सुरू होतात. माझ्या पाहण्यात अशा ज्या संस्था मोडल्या, त्यांत पैसा खाल्ला म्हणून मोडलेल्या थोड्याच. हिशेब वेळेवर सांगितला नाही, एकाच माणसाने सगळे स्वतःकडे ठेवले आणि त्याच्यानंतर कोण हे ठरवले नाही, म्हणून मोडलेल्या जास्त.

आपल्या मराठीत 'जबाबदार' हा शब्द आहे. तो फारसीतून आला आणि त्याच्या पोटात अरबी 'जवाब' आहे. म्हणजे ज्याच्यापाशी जबाब आहे, ज्याला विचारता येते, तो जबाबदार. आपण मात्र तो शब्द 'मोठा माणूस' या अर्थाने वापरू लागलो. राज्य कसे चालवावे, संस्था कशी टिकवावी, यावर जाणत्यांनी लिहिलेली जुनी पुस्तके वाचताना या शब्दाचा मूळ अर्थ पुन्हा समोर येतो. अशा पाच पुस्तकांची ओळख येथे करून देत आहे. योगायोग असा की पाचही पुस्तके पाच वेगवेगळ्या भाषांतली आहेत: उर्दू, फारसी, अरबी, मराठी आणि इंग्रजी.

अल-फारूक : विजयानंतरची सकाळ

पहिले पुस्तक अल्लामा शिबली नोमानी यांचे 'अल-फारूक'. शिबली (1857–1914) आजमगढचे. अलीगढच्या कॉलेजात ते अध्यापक होते. इस्लामी इतिहासाची मूळ साधने पाहण्यासाठी त्यांनी 1892 मध्ये तुर्कस्तान, शाम आणि मिसरचा प्रवास केला, तिथली ग्रंथालये धुंडाळली. त्यानंतर एकोणिसाव्या शतकाच्या अगदी शेवटी हजरत उमर (रजि.) यांचे हे चरित्र आले.

या पुस्तकाची रचनाच शिकवणारी आहे. त्याचे दोन भाग आहेत. पहिल्या भागात जीवन आणि विजय. दुसरा भाग सगळा कारभाराचा: प्रांतांची विभागणी, न्यायखाते, महसूल, बैतुलमाल, फौजेचे दफ्तर, टपाल, कालवे, वसवलेली शहरे. बहुतेक वाचक पहिला भाग संपवून पुस्तक ठेवून देतात. मी सांगेन, दुसऱ्या भागापासून सुरुवात करा.

हिजरी सन कसा सुरू झाला ते पाहा. हजरत उमर (रजि.) यांच्यासमोर एक कागद आला. त्यावर महिना लिहिला होता शाबान. त्यांनी विचारले, हा शाबान कोणत्या वर्षाचा? उत्तर कोणापाशी नव्हते. मग सहाबांना एकत्र बोलावून सल्लामसलत झाली आणि हिजरतीपासून वर्षे मोजण्याचे ठरले. रमजान आणि ईदसाठी आपण जे कॅलेंडर भिंतीवर लावतो, त्यातला सन कचेरीच्या कागदपत्रांतील एका अडचणीतून ठरला. तारीख नसलेला कागद खलिफांना चालला नाही. आपल्या संस्थांच्या पावतीपुस्तकांवर आणि मीटिंगच्या नोंदींवर तारीख असते का, एवढे तपासले तरी पुष्कळ.

अंमलदार नेमताना त्यांची पद्धत ठरलेली होती. नेमणुकीच्या वेळी त्या माणसाच्या मालमत्तेची यादी करून ठेवली जाई. पुढे संपत्ती अवाजवी वाढलेली दिसली तर चौकशी होई आणि जादा भाग बैतुलमालमध्ये जमा होई. त्याच्याकडून काही अटी कबूल करून घेतल्या जात: भारी तुर्की घोड्यावर बसणार नाही, तलम कपडे घालणार नाही, चाळलेल्या पिठाची रोटी खाणार नाही, दारावर दरबान ठेवणार नाही. शेवटची अट सर्वांत महत्त्वाची, कारण गरजूला आत येताना अडवणारा कोणी नसावा हा तिचा हेतू होता. दरवर्षी हजच्या वेळी सगळ्या प्रांतांचे अंमलदार हजर असत आणि जमलेल्या लोकांना उघडपणे विचारले जाई की कोणाची काही तक्रार आहे का. तक्रारींच्या तपासासाठी हजरत मुहम्मद बिन मस्लमा (रजि.) यांना पाठवले जाई. कूफ्यात हजरत सअद बिन अबी वक्कास (रजि.) यांनी आपल्या वाड्याला दरवाजा बसवला, त्यामुळे लोकांना अडथळा होतो असे कळले, तेव्हा तो दरवाजा जाळून टाकण्याचा हुकूम घेऊन तेच गेले होते. हजरत सअद म्हणजे इराणविरुद्धच्या कादिसियाच्या मोहिमेचे सेनापती. त्यांची थोरवी कोणी नाकारली नाही, पण दार मात्र जळाले.

सल्लामसलत कशी करावी याचा धडा शामच्या वाटेवर मिळतो. हजरत उमर (रजि.) निघाले असताना सर्ग या ठिकाणी त्यांना खबर मिळाली की पुढे प्लेगची साथ आहे. त्यांनी आधी मुहाजिरांना बोलावले. त्यांच्यात दोन मते पडली. मग अन्सारांना बोलावले, त्यांच्यातही दोन मते. मग कुरैशच्या बुजुर्गांना बोलावले, ते एकमताने म्हणाले की परत फिरावे. निर्णय झाला. तेव्हा हजरत अबू उबैदा (रजि.) यांनी थेट सवाल केला की अल्लाहच्या तकदीरपासून पळता का? खलिफांनी रागावून त्यांना गप्प केले नाही, उदाहरण देऊन समजावले. पुढे हजरत अब्दुर्रहमान बिन औफ (रजि.) आले आणि साथीच्या गावी जाऊ नये, असलेल्यांनी तिथून निघून पळू नये, अशी प्रेषित (स.) यांची शिकवण त्यांनी सांगितली. तीन गटांना वेगवेगळे विचारणे, विरोधी मत सर्वांसमोर ऐकून घेणे आणि मग निर्णय घेऊन तो निभावणे. आपल्याकडे मीटिंग म्हणजे आधी ठरलेल्या गोष्टीवर सह्या घेणे असा प्रकार असतो.

आणि अखेर. फज्रच्या नमाजमध्ये जखमी झाल्यावर बिछान्यावरून त्यांनी दोन कामे केली. मुलाला आपल्या कर्जाचा हिशेब करायला सांगून ते फेडण्याची तजवीज केली. आणि पुढचा खलिफा निवडण्यासाठी सहा जणांची शूरा नेमली. स्वतःचे पुत्र हजरत अब्दुल्लाह बिन उमर (रजि.) यांनी सल्ल्याला बसावे, पण खिलाफतीवर त्यांचा हक्क असणार नाही, हे त्यांनी स्पष्ट केले. मुलगा लायक नव्हता असे नाही. इल्म आणि तकव्यात ते अग्रगण्य होते. तरीही त्यांना उमेदवारीतून बाहेर ठेवले गेले.

सियासतनामा : एका माणसाला दोन पदे नकोत

दुसरे पुस्तक फारसी, अकराव्या शतकातले. लेखक सल्जूक सुलतानांचे वजीर निजामुल्मुल्क तूसी. अल्प अर्सलान आणि मलिकशाह या दोन सुलतानांच्या काळात सुमारे 30 वर्षे राज्याचा गाडा त्यांनी ओढला. मलिकशाहच्या सांगण्यावरून त्यांनी राज्यकारभारावर 'सियासतनामा' लिहिला. बगदादचा निजामिया मदरसा त्यांनीच उभारला आणि 1091 मध्ये तिथे इमाम गजाली यांची नेमणूकही त्यांनीच केली.

या पुस्तकातले एक प्रकरण प्रत्येक ट्रस्टच्या कार्यालयात चौकटीत लावावे असे आहे. निजामुल्मुल्क सांगतात की एका माणसाला दोन पदे देऊ नयेत आणि एक पद दोन माणसांना देऊ नये. कारण साधे आहे. दोन कामे एकाकडे असली की एक तरी मागे पडते. एक काम दोघांकडे असले की प्रत्येक जण दुसऱ्यावर सोडून देतो आणि ते पडून राहते. ते असेही म्हणतात की जेव्हा काही माणसांकडे ढीगभर पदे असतात आणि लायक माणसे घरी बसलेली असतात, तेव्हा राज्य चालवणारे झोपले आहेत असे समजावे. आपल्या शहरांत मस्जिदीचे अध्यक्ष, शाळेचे सचिव, कब्रस्तानचे खजिनदार आणि पतसंस्थेचे संचालक एकच गृहस्थ असतात, आणि बँकेतून निवृत्त झालेला, हिशेबात मुरलेला माणूस दुपारभर पारावर वर्तमानपत्र वाचत बसलेला असतो.

दुसरा त्यांचा आग्रह असा की सुलतानाने आठवड्यातून दोन दिवस स्वतः बसून, मध्ये कोणी न ठेवता, फिर्यादी ऐकाव्यात. अशी नुसती बातमी पसरली तरी जुलूम करणारे हात आखडतील, हा त्यामागचा हिशेब.

मात्र हे पुस्तक डोळे उघडे ठेवून वाचावे लागते. विरोधी पंथांबद्दल आणि स्त्रियांच्या सल्ल्याबद्दल त्यात कडवट मजकूर आहे. तो त्या काळच्या दरबारी राजकारणाचा आहे, तो आदर्श म्हणून घेण्याचे कारण नाही. शिवाय इतरांना नेमणुकीचे नियम सांगणाऱ्या या वजिराचे स्वतःचे मुलगे आणि जावई साम्राज्यात मोठमोठ्या पदांवर होते, आणि त्यावरून दरबारात त्यांचे शत्रू वाढले. 1092 मध्ये प्रवासात त्यांचा खून झाला. त्याच वर्षी मलिकशाहही वारले आणि वारसांच्या भांडणात सल्जूकांची एकसंध सत्ता फुटत गेली. एवढा अनुभवी कारभारी, पण आपल्यानंतरची घडी तोही बसवू शकला नाही. निजामिया मदरसा मात्र त्यांच्यानंतर पिढ्यान् पिढ्या चालू राहिला.

मुकद्दिमा : चौथ्या पिढीचे दुखणे

घडी का विस्कटते, याचे उत्तर शोधणारे पुस्तक म्हणजे इब्न खल्दून यांचे 'मुकद्दिमा'. लेखकाचा जन्म 1332 मध्ये ट्युनिसचा. तरुणपणीच प्लेगच्या महासाथीत आई-वडील गेले. उत्तर आफ्रिका आणि अंदलुसच्या दरबारांत त्यांनी नोकऱ्या केल्या, तुरुंग पाहिला, राज्ये उभी राहताना आणि कोसळताना जवळून पाहिली. मग राजकारणाला कंटाळून आजच्या अल्जीरियातल्या एका किल्ल्यात जाऊन राहिले आणि तिथे 1377 मध्ये हा ग्रंथ लिहिला. पुढे काहिरामध्ये ते काजी झाले, काढले गेले, पुन्हा नेमले गेले. दमिश्कच्या वेढ्यात, 1401 मध्ये, तैमूरशी त्यांची भेटही झाली. 1406 मध्ये काहिरामध्ये ते वारले.

त्यांचा मुख्य शब्द आहे 'असबिय्यत'. एकमेकांसाठी उभे राहायला लावणारी आपलेपणाची एकजूट. ती असते तोवर मूठभर लोकही राज्य उभारतात. ती सुटली की मोठी फौजही उपयोगाची नसते. ही एकजूट आंधळी झाली, अन्यायातही आपल्याच माणसाची बाजू घेऊ लागली, तर तिचा प्रेषित (स.) यांनी निषेध केलेला आहे, हे इब्न खल्दून जाणतात. ते समाजात जे घडते त्याचे कारण सांगत आहेत.

घराण्याची प्रतिष्ठा चार पिढ्यांत कशी संपते, याचे त्यांनी केलेले वर्णन वाचताना आपल्याच गावातली नावे आठवू लागतात. पहिला उभारणारा असतो. काय काय सोसून हे उभे राहिले, ते त्याला ठाऊक असते. दुसरा त्याचा मुलगा. त्याने सोसलेले नसते, पण बापाजवळ राहून ऐकलेले, पाहिलेले असते. तिसरा नक्कल करतो. का करायचे ते त्याला माहीत नसते, कसे करत असत एवढे माहीत असते. चौथ्याला वाटते की हा मान आपल्याला जन्मानेच मिळाला आहे, त्यामागे कष्ट नव्हतेच. तो लोकांना तुच्छ लेखू लागतो आणि लोक त्याला सोडून दुसऱ्याकडे जातात.

एखाद्या बुजुर्गाने सायकलवर फिरून, घरोघरी धान्य गोळा करून, कुर्बानीची कातडी विकून मदरसा उभा केला. मुलाने त्यावर स्लॅब टाकला. नातवाने वडिलांची खुर्ची आणि दरवर्षीचा जलसा चालू ठेवला. पणतू आज विचारतो की आमच्या आजोबांच्या मदरशात तुम्ही हिशेब मागणारे कोण? इब्न खल्दून यांनी ही गोष्ट साडेसहाशे वर्षांपूर्वी लिहिली.

महसुलाबद्दलचे त्यांचे निरीक्षणही असेच आहे. राज्य नवे असताना कर हलके असतात आणि वसुली भरपूर होते. राज्य म्हातारे झाले की दरबारचा खर्च वाढतो, कर जड होतात, लोक कामातून मन काढून घेतात आणि वसुली घटते. आपल्या चंद्याचेही तसेच आहे. लोकांना पैसा कुठे जातो ते दिसत असते तोवर हात सढळ असतो. मग पावत्या मोठ्या होतात आणि देणारे कमी होतात.

आज्ञापत्र : आंब्याफणसाची झाडे

चौथे पुस्तक आपल्या मातीतले. रामचंद्रपंत अमात्य यांचे 'आज्ञापत्र'. छत्रपती शिवाजी महाराजांच्या काळापासून स्वराज्याचा कारभार पाहिलेला हा माणूस. छत्रपती राजाराम महाराज 1689 मध्ये जिंजीकडे गेले तेव्हा महाराष्ट्र सांभाळण्याची जबाबदारी त्यांच्यावर पडली आणि त्यांना किताब मिळाला तो 'हुकुमतपनाह'. पुढे कोल्हापूरच्या छत्रपती संभाजी महाराजांच्या नावाने, 1715 च्या सुमारास, त्यांनी आयुष्यभराचा अनुभव या छोट्या ग्रंथात घातला. मराठी माध्यमात शिकणाऱ्या आपल्या मुलांनी हे पुस्तक परके समजू नये. हिशेब, दफ्तर, जमा, खर्च, रयत, वसूल ही अरबी-फारसी मुळाची नाणी मराठी कारभारात शतकानुशतके चालत आली आहेत.

त्यातला आरमाराचा भाग प्रसिद्ध आहे आणि तो पुनःपुन्हा वाचण्यासारखा आहे. जहाजांना लाकूड लागते. सागवान लागेल ते परवानगीने तोडावे, कमी पडले तर विकत आणावे. पण रयतेच्या आंब्याफणसाला हात लावू नये, असे आज्ञापत्र सांगते. का? ही झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत. लोकांनी ती मुलासारखी वाढवलेली असतात. तोडली तर त्यांच्या दुःखाला पार राहत नाही, आणि एकाला दुखवून दुसऱ्याचे काम साधले तर ते काम टिकत नाही. एखादे झाड जीर्ण झाले असेल तर मालकाला राजी करून, मोबदला देऊन, संतोषाने तोडावे. जबरदस्ती करू नये.

युद्धाच्या तयारीत असलेल्या राज्याने लिहिलेला हा मजकूर आहे. काम तातडीचे आहे म्हणून माणसाला दुखावण्याची मुभा तो देत नाही. आपण मस्जिदीचे काम, मदरशाचे काम म्हणजे दीनचे काम, असे म्हणत एखाद्या विधवेची दोन हात जागा भिंतीत घेतो, शेजाऱ्याच्या हरकतीकडे दुर्लक्ष करतो, शिक्षिकेचा तीन महिन्यांचा पगार लांबवतो. काम नेक असले म्हणून दुसऱ्याचा हक्क बुडवणे जायज होत नाही, हे आपल्या शरीअतनेही स्पष्ट सांगितले आहे.

दूरदृष्टीचे एक उदाहरणही याच ग्रंथात आहे. टोपीकर, म्हणजे युरोपी व्यापारी, हे साध्या सावकारांसारखे नाहीत, त्यांच्या पाठीशी त्यांचे राजे आहेत, त्यांना किनाऱ्यावर पक्की जागा देऊ नये, असा इशारा रामचंद्रपंतांनी दिला होता. प्लासीची लढाई त्यानंतर चाळीसेक वर्षांनी, 1757 मध्ये झाली.

इंडिया विन्स फ्रीडम : स्वतःच्या विरुद्ध साक्ष

पाचवे पुस्तक मौलाना अबुल कलाम आझाद यांचे. मौलाना उर्दूत सांगत गेले आणि हुमायून कबीर यांनी ते इंग्रजीत उतरवले. मौलाना 1958 मध्ये वारले आणि पुस्तक 1959 मध्ये प्रसिद्ध झाले. त्यातली सुमारे 30 पाने मात्र त्यांच्या इच्छेनुसार मोहोरबंद करून कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आणि दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात ठेवली गेली. ती 30 वर्षांनंतर, 1988 मध्ये उघडली गेली.

मौलानांचे आपल्या प्रदेशाशी नाते आहे. ऑगस्ट 1942 मध्ये मुंबईत गवालिया टँकवर 'भारत छोडो' ठराव झाला, त्या वेळी ते काँग्रेसचे अध्यक्ष होते. दुसऱ्या दिवशी पहाटे अटक झाली आणि पुढची जवळजवळ तीन वर्षे त्यांनी अहमदनगरच्या किल्ल्यात काढली. 'गुबार-ए-खातिर'मधली पत्रे तिथलीच. पत्नी जुलेखा बेगम कोलकात्यात शेवटच्या आजारात होत्या, तरी सुटकेसाठी त्यांनी इंग्रज सरकारकडे अर्ज केला नाही. एप्रिल 1943 मध्ये बेगम वारल्याची खबर त्यांना किल्ल्यातच मिळाली.

'इंडिया विन्स फ्रीडम'मध्ये देश स्वतंत्र होतानाची आणि फाळणी होतानाची हकीकत आहे. मौलाना सहकाऱ्यांच्या चुका सांगतात. जुलै 1946 मध्ये मुंबईत जवाहरलाल नेहरूंनी पत्रकारांसमोर केलेल्या विधानाने कॅबिनेट मिशनची योजना कशी धोक्यात आली, हे ते लिहितात. पण तिथेच न थांबता ते स्वतःकडेही बोट दाखवतात. त्याच वर्षी आपण अध्यक्षपद सोडले, तो निर्णय आपल्या राजकीय जीवनातली मोठी चूक होती, असे ते स्पष्ट नोंदवतात. आयुष्याच्या अखेरीस, केंद्रीय मंत्रिपदावर असताना, कोणी विचारलेले नसताना दिलेला हा जबाब आहे.

मौलानांचे सगळे म्हणणे इतिहासकारांनी मान्य केले असे नाही. राजमोहन गांधी यांनी 1989 मध्ये या पुस्तकाची चिकित्सा करणारे 'इंडिया विन्स एरर्स' हे पुस्तकच लिहिले. दोन्ही पुस्तके शेजारी ठेवून वाचावीत. एका बाजूचे ऐकून फैसला देऊ नये, हा काजीसाठी असलेला नियम वाचकालाही लागू आहे.

वाचून करायचे काय?

आता पुस्तके मिटून आपल्या मोहल्ल्याकडे येऊ. या पाचांतून निघणारी कामे अवघड नाहीत.

पहिले, लिहून ठेवणे. कुरआन मजीदमधली सर्वांत लांब आयत सूरह बकरामध्ये आहे आणि ती देण्याघेण्याचा व्यवहार लिहून ठेवण्याबद्दल, साक्षीदार ठेवण्याबद्दल आहे. एवढी ताकीद असताना 'आपलीच माणसे आहेत, लिहायचे काय' असे आपण कोणत्या तोंडाने म्हणतो? महिन्याची जमा-खर्चाची चिठ्ठी जुमाच्या दिवशी मस्जिदीच्या फलकावर लावणे याला खर्च एका कागदाचा आहे.

दुसरे, कायद्याचे कागद वेळेत करणे. महाराष्ट्रात नोंदणी झालेल्या सार्वजनिक न्यासाला दरवर्षी हिशेब तपासून घ्यावे लागतात, आणि विश्वस्त बदलले की धर्मादाय कार्यालयात चेंज रिपोर्ट द्यावा लागतो. वक्फच्या संस्थेला वक्फ मंडळाकडे हिशेब द्यावा लागतो. अनेक ठिकाणी इंतकाल झालेल्या बुजुर्गांची नावे वर्षानुवर्षे विश्वस्त म्हणून उताऱ्यावर राहतात. भांडण सुरू झाले की मग धावपळ होते आणि सही करायला अधिकार असलेला माणूसच शिल्लक नसतो.

तिसरे, एका माणसाकडे एकच पद. आणि चौथे, आपल्या जागी कोण, याची तयारी आपण असतानाच करणे. त्यात मुलगा-पुतण्या नव्हे, तर काम येणारा तरुण, काम येणारी तरुणी शोधणे. अमानत तिच्या हक्कदाराला सोपवा, असा हुकूम सूरह निसामध्ये आहे. पद ही अमानतच आहे.

वाचनाबद्दल एक सूचना. आपल्या अनेक घरांत आजोबा-आजींना उर्दू वाचता येते आणि नातवंडांना मराठी. मुंबईच्या भेंडी बाजारात 'अल-फारूक' उर्दूत सहज मिळते, 'आज्ञापत्र' मराठी ग्रंथालयात मिळते. आठवड्यातून एकदा इशानंतर अर्धा तास टीव्ही आणि मोबाईल बाजूला ठेवून दोन पाने आजोबांनी वाचून मराठीत समजावून सांगावीत, दोन पाने नातीने मोठ्याने वाचावीत. वाचून झाल्यावर मुलांना एवढेच विचारावे: या गोष्टीत हिशेब कोण मागत होते, आणि तो कोण देत होते? हा प्रश्न अंगवळणी पडला की मूल पुढे कोणत्याही संस्थेत, कचेरीत किंवा पक्षात गेले तरी विचारायला कचरणार नाही, आणि स्वतःला विचारले गेले तर चिडणार नाही.

शेवटी पुन्हा शिबलींकडे वळतो. प्रेषित (स.) यांचे चरित्र, 'सीरतुन्नबी', हे त्यांच्या आयुष्याचे शेवटचे स्वप्न होते. ते पुरे होण्याआधीच नोव्हेंबर 1914 मध्ये त्यांचा इंतकाल झाला. पण संशोधकांची एक संस्था उभारण्याची आखणी त्यांनी करून ठेवली होती आणि ती पुढे नेणारे शिष्य तयार केले होते. त्याच वर्षी आजमगढमध्ये दारुल मुसन्निफीन उभी राहिली. 1916 पासून तिचे 'मआरिफ' मासिक निघू लागले. आणि उस्तादांनी सुरू केलेली सीरत सय्यद सुलैमान नदवी यांनी एकेक खंड लिहीत पुढे नेली. आज ते खंड विकत घेतले तर मुखपृष्ठावर दोघांची नावे असतात, आधी उस्तादाचे, मग शिष्याचे.